चौथा प्रश्न

१९७१ साली फ्रँक मॅगी एनबीसी या अमेरिकी वाहिनीच्या 'टुडे' या सकाळच्या कार्यक्रमाचे मुख्य निवेदक झाले आणि लवकरच वरिष्ठांकडे एक तक्रार घेऊन गेले. या कार्यक्रमात वॉशिंग्टनमधल्या मंत्र्यांशी, सिनेटरांशी, बड्या अधिकाऱ्यांशी बोलणं व्हायचं. त्या बोलण्यात याच कार्यक्रमातल्या पत्रकार बार्बरा वॉल्टर्स यांनीही प्रश्न विचारावेत, हे मॅगींना मान्य नव्हतं. बाईंनी हलक्याफुलक्या मुलाखती कराव्यात, राजकारण आपल्याकडे सोडावं, असा त्यांचा आग्रह होता. वॉल्टर्स अडून बसल्या. मग वरिष्ठांनी तोडगा काढला: पहिले तीन प्रश्न मॅगी विचारतील, त्यानंतर वॉल्टर्स यांनी चौथा विचारावा.

वॉल्टर्स तेव्हा नवख्या नव्हत्या. १९६१ साली त्या या कार्यक्रमात लेखिका म्हणून लागल्या. मार्च १९६२मध्ये जॅकलिन केनेडी भारत आणि पाकिस्तानच्या दौऱ्यावर आल्या, तेव्हा दिल्ली, आग्रा, उदयपूर, जयपूर असा त्यांच्या मागोमाग जो पत्रकारांचा ताफा फिरला, त्यात वॉल्टर्स होत्या. १९६४पासून त्या पडद्यावर नियमित दिसू लागल्या. त्याआधी त्या जागेवर बसणाऱ्या बाईला 'टुडे गर्ल' म्हणत. बहुतेकदा ती नटी, गायिका किंवा सौंदर्यस्पर्धा जिंकलेली तरुणी असायची. तिनं हवामान सांगायचं, गोड बोलायचं, एवढंच अपेक्षित असे. वॉल्टर्स यांनी त्या खुर्चीत बसून स्वतः लिहिलेलं, स्वतः शोधलेलं काम आणलं. तरीही सात वर्षांनंतर त्यांच्या वाट्याला चौथा प्रश्न आला. त्याच १९७१मध्ये एनबीसीच्या वृत्तविभागाचे अध्यक्ष रूवेन फ्रँक यांनी सांगून टाकलं होतं की बातमी बाईच्या आवाजात ऐकायला प्रेक्षकांची तितकीशी तयारी नसते.

हा नियम वरवर पाहता किरकोळ वाटेल. प्रश्न विचारायला मिळतोय ना, मग तिसरा काय आणि चौथा काय? पण मुलाखत घेणाऱ्या कुणालाही विचारा. विषय कुठला, त्याची दिशा कुठली, पाहुण्याला कुठे थांबवायचं आणि कुठे सोडून द्यायचं, हे सगळं पहिल्या दोन-तीन प्रश्नांत ठरून जातं. सकाळच्या कार्यक्रमात एका पाहुण्याला मोजकी मिनिटं मिळतात. चौथ्या प्रश्नाची पाळी येईपर्यंत पाहुणा सैलावलेला असतो, निवेदकाची नजर घड्याळाकडे गेलेली असते, आणि उरलेल्या वेळात विचारता येतं ते 'कुटुंबीय कसे आहेत?' एवढंच. नंतर तेच लोक म्हणायला मोकळे असतात की बघा, बायका असंच विचारतात.

वॉल्टर्स यांच्याबद्दल लिहिताना त्यांच्यावरचा एक आरोप जवळजवळ प्रत्येक जण करतो: त्यांनी बातमीत करमणूक मिसळली, राष्ट्राध्यक्ष आणि सिनेनटी यांना एकाच सोफ्यावर बसवलं, मुलाखतीचं रूपांतर बड्या लोकांच्या घरभेटीत केलं. ३० डिसेंबर २०२२ रोजी, वयाच्या ९३व्या वर्षी त्या गेल्या, तेव्हाच्या कित्येक मृत्युलेखांतही हा सूर होता. मला हा आरोप अर्धा चुकीचा वाटतो. उरलेला अर्धा खरा आहे, पण तो त्यांच्यावर ज्या ठिकाणी ठेवला जातो तिथे नाही. त्यांची चूक शोधायची तर दुसरीकडे पाहावं लागतं.

चौथ्या प्रश्नाच्या नियमात एक फट होती. तो फक्त स्टुडिओत लागू होता. बाहेर जाऊन, स्वतः वेळ मिळवून घेतलेली मुलाखत पूर्णपणे वॉल्टर्स यांची असे. मग त्यांनी तोच रस्ता धरला. ज्यांना कोणी बोलतं करू शकत नव्हतं अशा माणसांना पत्रं लिहायची, नकार आला की पुन्हा लिहायचं, फोन करायचा, वर्षानुवर्षं पाठपुरावा करायचा. मुलाखत मिळाली की तीन बाय पाच इंचांच्या कार्डांवर प्रश्न लिहायचे, भेटेल त्याला 'तुम्ही असता तर काय विचारलं असतं?' म्हणून विचारायचं, मग कार्डं गाळत, क्रम लावत मोजकी हातात उरवायची. पुढे ज्याला सगळं जग 'बार्बरा वॉल्टर्स शैली' म्हणू लागलं, ती घरात जाऊन, समोर बसून, जवळिकीनं बोलण्याची पद्धत या बंदीतून घडली. स्टुडिओचं दार बंद होतं म्हणून त्या पाहुण्यांच्या दारात गेल्या. पुढे याच गोष्टीसाठी त्यांना बोल लावला गेला.

या वाटेनं काय मिळालं याचं एक उदाहरण बघण्यासारखं आहे. फेब्रुवारी १९७२मध्ये त्यांनी एच. आर. हाल्डमन यांची मुलाखत दाखवली. हाल्डमन म्हणजे राष्ट्राध्यक्ष निक्सन यांचे उजवे हात, पत्रकारांशी सहसा न बोलणारे. वॉल्टर्स यांनी त्यांना विचारलं की अध्यक्षांना कोणत्या प्रकारची टीका जिव्हारी लागते. प्रश्न ऐकायला साधा, स्वभावाबद्दलचा. मॅगींच्या वर्गवारीत तो 'बायकी' प्रश्नच ठरला असता. त्यावर हाल्डमन बोलून गेले की व्हिएतनामबाबतच्या अध्यक्षांच्या शांतताप्रस्तावावर टीका करणारे जाणूनबुजून शत्रूला मदत करताहेत. विरोधकांना जवळपास देशद्रोही ठरवणारं हे वाक्य व्हाइट हाउसच्या सर्वांत आतल्या खोलीत बसणाऱ्या माणसाच्या तोंडून आलं आणि देशभर गाजलं. धोरणाबद्दलचा सरळ प्रश्न विचारला असता तर हाल्डमन यांच्याकडे छापील उत्तर तयार असणार. स्वभावाबद्दलच्या प्रश्नाला छापील उत्तर नसतं.

एप्रिल १९७४मध्ये मॅगी कर्करोगानं गेले. वॉल्टर्स यांच्या करारात एक कलम होतं: मॅगी कार्यक्रमातून गेले तर वॉल्टर्स यांना सहनिवेदक करावं लागेल. कलम घालून घेताना मॅगी इतक्या लवकर जातील असं कोणालाच वाटलं नव्हतं, आणि लिहून देणाऱ्यांनाही त्यात काही गमावल्यासारखं वाटलं नसावं. वॉल्टर्स या पदापर्यंत पोहोचल्या त्या या लेखी कलमामुळे. कुणाच्या मोठ्या मनानं ते घडलं नाही, हे मुद्दाम लिहून ठेवतो, कारण 'काळ बदलला आणि बायकांना जागा मिळाली' अशी भाषा आपण फार सहज वापरतो.

आता १९७६कडे येऊ. एबीसी या प्रतिस्पर्धी वाहिनीनं त्यांना संध्याकाळच्या मुख्य बातमीपत्राच्या सहनिवेदक म्हणून घेतलं. अमेरिकेतल्या कुठल्याही मोठ्या वाहिनीवर त्या खुर्चीत बसणाऱ्या त्या पहिल्या स्त्री. पाच वर्षांचा करार, वर्षाला १० लाख डॉलर. या आकड्यावरून रान उठलं. सीबीएस या तिसऱ्या मोठ्या वाहिनीच्या वृत्तविभागाच्या प्रमुखांनी ही बाई पत्रकार आहे की गायिका, अशा अर्थाचा सवाल केला. वॉल्टर क्रॉन्काइट यांच्यासारख्या सर्वांत विश्वासार्ह मानल्या गेलेल्या निवेदकानंही आपण सगळे बुडतोय की काय अशी भावना झाल्याचं बोलून दाखवलं. पण त्या १० लाखांचा हिशेब फार थोड्यांनी मांडला. निम्मी रक्कम वृत्तविभाग देणार होता. उरलेली निम्मी करमणूक विभागाकडून यायची होती, आणि त्याबदल्यात वॉल्टर्स यांनी वर्षाला चार खास मुलाखतींचे कार्यक्रम करून द्यायचे होते.

म्हणजे बातमी आणि करमणूक यांची सांगड करारातच घातलेली होती, आणि ती घातली होती कंपनीच्या पुरुष अधिकाऱ्यांनी. बाईला बातमीच्या खुर्चीत बसवायचं तर तिच्याकडून प्रेक्षकसंख्येची हमी पाहिजे, अशी ती अट होती. शेजारच्या खुर्चीतल्या हॅरी रीझनर यांना अशी अट कोणी घातली नव्हती. वर्षाअखेरीस पहिला खास कार्यक्रम झाला त्यात एकाच तासात नुकतेच अध्यक्ष म्हणून निवडून आलेले जिमी कार्टर, त्यांच्या पत्नी रोझलिन आणि गायिका-अभिनेत्री बार्बरा स्ट्रायसँड होत्या. टीकाकारांनी दोष दिला तो मुलाखत घेणारीला. करार लिहिणाऱ्यांचं नावही कुणी घेतलं नाही.

रीझनर यांनी आपली नाराजी लपवली नाही. शेजारी बसलेल्या बाईशी थेट प्रक्षेपणात किती कोरडेपणानं बोलता येतं ते देशानं रोज संध्याकाळी पाहिलं. त्याच सुमारास गिल्डा रॅडनर यांनी विनोदी कार्यक्रमात वॉल्टर्स यांच्या 'र' आणि 'ल'च्या उच्चाराची नक्कल सुरू केली आणि ती घरोघर पोहोचली. बोलण्यात दोष असलेले पुरुष निवेदक तेव्हाही होते, पण त्यांच्या उच्चारावरून त्यांची पात्रता कोणी ठरवत नव्हतं. १९७७मध्ये रून आर्लेज एबीसी न्यूजचे प्रमुख झाले, त्यांनी ही जोडी मोडली आणि १९७८मध्ये रीझनर सीबीएसला परतले. सहनिवेदकपदाचा प्रयोग दोन वर्षांत आटोपला, आणि 'बाईला ते जमलं नाही' अशी नोंद अनेकांच्या मनात राहिली. संध्याकाळच्या मुख्य बातमीपत्रात दुसरी स्त्री सहनिवेदक म्हणून यायला १९९३ उजाडलं. त्या कॉनी चंग. एकटीच्या बळावर ते बातमीपत्र चालवणाऱ्या पहिल्या स्त्री म्हणजे केटी कुरिक, आणि तो दिवस आला २००६मध्ये. वॉल्टर्स यांच्यानंतर तीस वर्षांनी! 'दार उघडलं' हा शब्दप्रयोग अशा ठिकाणी वापरताना हे तीस वर्षांचं अंतर लक्षात ठेवायला हवं.

रीझनर यांच्या शेजारी त्या अवघडून बसल्या होत्या, त्याच काळात त्यांनी कारकिर्दीतलं सर्वांत मोठं काम केलं. नोव्हेंबर १९७७मध्ये इजिप्तचे अध्यक्ष अन्वर सादात जेरुसलेमला गेले. युद्धं लढलेल्या शेजारी देशाच्या भूमीवर अरब राष्ट्रप्रमुखानं पाऊल ठेवण्याची ती घटना. जगभरचे पत्रकार तिथे होते. सादात आणि इस्रायलचे पंतप्रधान मेनाकेम बेगिन यांची एकत्र मुलाखत मिळवली ती वॉल्टर्स यांनी. दोघांशी आधीपासून ओळख होती, दोघांच्या मागे त्या लागल्या होत्या. त्यानंतर क्रॉन्काइट यांनीही धावपळ करून दोघांना आपल्या कॅमेऱ्यासमोर आणलं. त्या ध्वनिफितीच्या शेवटी, मुलाखत संपल्यावर, क्रॉन्काइट यांचा आवाज ऐकू येतो: मला न मिळालेलं असं काही बार्बराला मिळालं का? दीड वर्षापूर्वी त्यांना बुडाल्यासारखं वाटलं होतं. मला इथे क्रॉन्काइट यांच्याबद्दल आदरच वाटतो. प्रतिस्पर्धी म्हणून काळजी करणं हा व्यवसायातला सन्मान आहे, आणि वॉल्टर्स यांना तो त्या संध्याकाळी मिळाला.

पण या लेखातला माझा मुख्य मुद्दा जेरुसलेमपेक्षा इराणच्या शहांच्या, म्हणजे तिथल्या सम्राटांच्या, मुलाखतीत जास्त स्पष्ट दिसतो. तीही १९७७चीच. बायकांच्या बुद्धीबद्दल, कर्तृत्वाबद्दल शहांची मतं आधी दुसऱ्या एका मुलाखतीत छापून आली होती. वॉल्टर्स यांनी ती त्यांच्यापुढे ठेवली. बुद्धी आणि क्षमता सारखी असली तरी बायका बरोबरीच्या नाहीत का, असं विचारलं. अजून तरी नाहीत, पुढे कदाचित होतील, अपवाद असू शकतात, असं शहा म्हणाले. शेजारी सम्राज्ञी फराह बसल्या होत्या. वॉल्टर्स यांनी विचारलं, तुमच्या पत्नी त्या अपवादांपैकी आहेत का? त्या पुरुषाइतकंच चांगलं राज्य करू शकतील असं तुम्हाला वाटतं का? शहा म्हणाले, मी उत्तर न देणं पसंत करीन.

हे ऐकताना एक गोष्ट माहीत असायला हवी. आपण मुलगा सज्ञान होण्याआधी गेलो तर राज्यकारभार फराह यांच्याकडे जावा, अशी तरतूद शहांनी स्वतः १९६७मध्ये करून ठेवली होती. म्हणजे प्रश्न वरवर नवरा-बायकोबद्दलचा होता, खरा प्रश्न राज्यघटनेचा होता. ज्या व्यक्तीच्या हाती देश सोपवायचं तुम्ही लिहून ठेवलंय, ती तो चालवू शकेल की नाही हे तुम्ही सांगू शकत नाही? त्या क्षणी कॅमेऱ्यात फराह यांचा चेहरा दिसतो, डोळे भरून आलेले. तेलाचे भाव, लष्करी खरेदी, अमेरिकेशी मैत्री यांवर शहांना शेकडो वेळा विचारलं गेलं होतं आणि त्यांची उत्तरं तयार होती. या प्रश्नावर ते अडकले.

असाच प्रश्न त्यांनी फिडेल कॅस्ट्रो यांना विचारला. त्याच वर्षी त्या क्युबाला गेल्या, बे ऑफ पिग्जच्या पाण्यातून कॅस्ट्रो यांच्यासोबत बोटीनं फिरल्या. तुमच्याकडे वृत्तपत्रांना स्वातंत्र्य का नाही, हे त्यांनी तोंडावर विचारलं आणि आमची कल्पना तुमच्यापेक्षा वेगळी आहे असं उत्तर मिळालं. तुमचं लग्न झालंय का, हेही विचारलं. आपलं खासगी आयुष्य देशापासून झाकून ठेवणारा तो माणूस 'औपचारिकरीत्या नाही' एवढं बोलून थांबला. टीकाकारांना यातला दुसरा प्रश्न फालतू वाटला. मला तसं वाटत नाही. ज्या देशात नेत्याच्या घराबद्दल बोलणं हाच गुन्हा आहे, तिथे लग्नाचा प्रश्न राजकीयच होतो.

मला म्हणायचं आहे ते इतकंच: वैयक्तिक प्रश्न हलका नसतो. तो कोणाला विचारला जातो यावर त्याचं वजन ठरतं. सत्ता असलेल्या माणसाला विचारला तर त्याच्या मुखवट्याला धक्का बसतो. सत्ता नसलेल्या माणसाला तोच विचारला तर त्याचं उरलंसुरलं संरक्षण गळून पडतं. वॉल्टर्स यांच्या पन्नास वर्षांच्या कामात हे दोन्ही प्रकार आहेत, आणि त्यांचं मोल ठरवताना माझ्या दृष्टीनं हाच निकष लावायला हवा. गंभीर आणि हलकं अशी जी वाटणी मॅगींनी केली होती, तिच्यावर विसंबून आपण अजून न्याय करत बसलो आहोत.

३ मार्च १९९९ रोजी त्यांनी मोनिका लेविन्स्की यांची दोन तासांची मुलाखत घेतली. सुमारे ७ कोटी अमेरिकनांनी ती थोडी ना थोडी पाहिली. लेविन्स्की तेव्हा २५ वर्षांच्या होत्या. राष्ट्राध्यक्ष बिल क्लिंटन यांच्याशी असलेल्या संबंधांमुळे त्या चौकशीच्या चरकातून गेल्या होत्या, त्यांच्या बोलण्याच्या ध्वनिफिती जगानं ऐकल्या होत्या. वॉल्टर्स यांनी सगळं विचारलं. शेवटी विचारलं, पुढे तुम्हाला मुलं झाली तर त्यांना काय सांगाल? लेविन्स्की म्हणाल्या, आईच्या हातून मोठी चूक झाली. यावर वॉल्टर्स कॅमेऱ्याकडे वळल्या आणि प्रेक्षकांना उद्देशून म्हणाल्या की हे तर वर्षातलं सर्वांत सौम्य विधान झालं.

कॅमेऱ्याकडचं ते वळणं मला आजही खटकतं. शहांच्या पुढे बसताना त्या फराह यांच्या बाजूनं होत्या. इथे त्या जमावाच्या बाजूला जाऊन उभ्या राहिल्या. मुलांना काय सांगाल हा प्रश्न वाईट नाही. तो क्लिंटन यांना विचारला असता तर? त्यांना मुलगी होती, ती तेव्हा कॉलेजात शिकत होती. देशातल्या सर्वांत ताकदवान माणसाला कॅमेऱ्यासमोर बसवून कोणीही असं विचारलं नाही, आणि २५ वर्षांच्या मुलीला विचारलं. 'टुडे'च्या स्टुडिओत जिच्या वाट्याला उरलेला प्रश्न येई, त्या स्त्रीला हे कळायला हवं होतं. वॉल्टर्स यांनी गायक रिकी मार्टिन यांना २००० साली त्यांच्या लैंगिकतेबद्दल पुन्हापुन्हा छेडलं होतं. ते करायला नको होतं असं त्या स्वतः दहा वर्षांनी म्हणाल्या. लेविन्स्की यांच्याबाबतही तेच म्हणायला हवं होतं असं मला वाटतं.

त्यांच्या पद्धतीतली दुसरी खोट जवळिकीतून आली. दार उघडून घेण्यासाठी ओळखी वाढवाव्या लागतात, आणि ओळख वाढली की तिचं देणं फेडावं लागतं. कार्टर यांच्या त्या पहिल्या कार्यक्रमाच्या शेवटी त्यांनी नव्या अध्यक्षांना आमच्याशी शहाणपणानं वागा, आमच्याशी चांगलं वागा, अशी विनवणी केली होती. ती विनवणी पत्रकाराची नव्हती. १९८६ साली अमेरिकेनं इराणला गुपचूप शस्त्रं विकल्याचं प्रकरण बाहेर आलं, त्यानंतर त्यांनी त्यातल्या मध्यस्थाची, घोरबानीफर यांची मुलाखत घेतली आणि त्यांचा निरोप परस्पर अध्यक्ष रेगन यांच्यापर्यंत पोहोचवला. १९८७मध्ये हे उघडकीला आलं तेव्हा हे आपल्या नियमांत बसत नाही असं एबीसीला जाहीर करावं लागलं. डिसेंबर २०११मध्ये त्यांनी सीरियाचे अध्यक्ष बशर अल-असद यांची मुलाखत घेतली. मुलाखत कडक होती. छळ होऊन मेलेल्या मुलाबद्दल त्यांनी विचारलं, आणि स्वतःच्या लोकांना फक्त वेडा माणूस मारतो असं असद यांच्या तोंडून वदवलं. हे वाक्य पुढे असद यांच्याच गळ्यात पडलं. पण ही मुलाखत जमवायला मदत करणाऱ्या असद यांच्या तरुण सहायिकेला अमेरिकेत संधी मिळावी म्हणून वॉल्टर्स यांनी नंतर शब्द टाकला. २०१२मध्ये ते बाहेर आलं आणि त्यांना खेद व्यक्त करावा लागला. तेव्हा त्या ८२ वर्षांच्या होत्या.

ही त्यांची खरी चूक. बातमीत करमणूक मिसळल्याबद्दल त्यांना जबाबदार धरणं म्हणजे करार लिहिणाऱ्यांना मोकळं सोडणं. सत्तेच्या आतल्या खोलीत त्या कधीकधी पाहुण्यापेक्षा घरच्याच होऊन बसल्या, याची जबाबदारी मात्र पूर्णपणे त्यांचीच आहे. गंमत नव्हे, दुःखाची गोष्ट ही, की हीच चूक करणाऱ्या कित्येक पुरुष संपादकांना 'वजनदार' म्हटलं गेलं.

१९९७मध्ये त्यांनी 'द व्ह्यू' सुरू केला. वेगवेगळ्या वयाच्या, मतांच्या चार-पाच बायका टेबलाभोवती बसून दिवसभराच्या विषयांवर बोलतात, भांडतात. सुरुवातीला याला गृहिणींच्या गप्पा म्हटलं गेलं. जुलै २०१०मध्ये बराक ओबामा तिथे येऊन बसले. पदावर असलेला अमेरिकी अध्यक्ष दिवसा चालणाऱ्या गप्पांच्या कार्यक्रमात येण्याची ती पहिलीच वेळ. तिथे पहिले तीन प्रश्न कोणी पुरुष विचारत नव्हता.

आपल्याकडचं काय? मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झालं, म्हणजे न्यूयॉर्कमध्ये चौथ्या प्रश्नाचा नियम लागू असतानाच. त्याच महिन्यात तबस्सुम यांचा 'फूल खिले हैं गुलशन गुलशन' आला आणि १९९३पर्यंत चालला. आपल्या देशात दूरचित्रवाणीवर मुलाखत हा प्रकार घराघरांत नेला तो एका स्त्रीनं, हे आपण विसरून गेलो आहोत. १८ नोव्हेंबर २०२२ला त्या गेल्या, वॉल्टर्स यांच्या आधी सहा आठवडे. पण त्यांचे पाहुणे सिनेमातले होते, वाहिनी सरकारी होती, आणि मंत्र्याला अडचणीत टाकणारा प्रश्न त्यांच्या वाट्याला येण्याची सोयच नव्हती. स्मिता पाटील तेव्हा मराठी बातम्या वाचत. बाईनं बातमी वाचावी हे आपल्या घरांनी पटकन स्वीकारलं. तिनं सत्तेतल्या माणसाला पहिला प्रश्न विचारावा, हे स्वीकारायला फार वेळ लागला.

आज मराठी वाहिन्यांवर संध्याकाळच्या चर्चा चालवणाऱ्या बायका पुष्कळ आहेत, काही उत्तम आहेत. म्हणून मी खुर्च्यांची मोजदाद करणार नाही. मला वाईट वाटतं ते प्रश्नांच्या वाटपाबद्दल. नवरात्र आलं की वाहिन्या आणि वर्तमानपत्रं नऊ कर्तबगार स्त्रियांच्या मुलाखती करतात. जिल्हाधिकारी असो, शल्यविशारद असो, पोलीस अधीक्षक असो, पहिल्या तीन प्रश्नांत 'घर आणि काम यांचा मेळ कसा घालता?' हा असतोच. उत्तरही ठरलेलं: सासूबाईंचा पाठिंबा, मिस्टरांचं सहकार्य. जिल्हाधिकारीबाईंना भूसंपादनाच्या मोबदल्याबद्दल, रखडलेल्या पीकविम्याबद्दल विचारायचं राहूनच जातं. २०११पासून महाराष्ट्रात स्थानिक स्वराज्य संस्थांमध्ये स्त्रियांना ५० टक्के आरक्षण आहे. गावात कॅमेरा गेला की सरपंचबाई खुर्चीत असतात आणि बोलतात त्यांचे यजमान. त्यांना 'सरपंचपती' असं रीतसर नावच पडलं आहे. वार्ताहर माइक सरपंचबाईंपुढून काढून शेजारी धरतो, आणि ते कुणालाच विचित्र वाटत नाही.

घराबद्दलचा प्रश्न बंद करा असं मी म्हणत नाही. तो पुरुषांना विचारा. मंत्रिमंडळातल्या प्रत्येक पुरुषाला विचारा की दौऱ्यावर असताना तुमच्या म्हाताऱ्या आईचं औषधपाणी कोण बघतं, मुलांच्या शाळेच्या सभेला शेवटचं कधी गेलात, तुमच्या मतदारसंघातल्या जमिनींपैकी किती पत्नीच्या नावावर आहेत आणि त्यांच्या सातबाऱ्यावर काय लिहिलंय हे त्यांना माहीत आहे का. पहा, अर्थसंकल्पाचे आकडे धडाधड सांगणारे किती जण अडखळतात. आणि महिला व बालविकास खात्याच्या मंत्र्यांना, त्या स्त्री असोत की पुरुष, अंगणवाडी सेविकांच्या मानधनाबद्दल विचारा, तेही पहिल्याच प्रश्नात.

सरपंचबाईंपुढे माइक धरावा आणि त्या बोलेपर्यंत थांबावं. पाणीपुरवठ्याच्या थकबाकीचा प्रश्न त्यांनाच विचारावा. यजमान मध्ये बोलले तर 'तुमचं नंतर घेतो' असं सांगावं आणि कॅमेरा बाईंवरच ठेवावा. त्यांना उत्तर येत नसेल तर तेही लोकांना दिसू द्यावं. पुढच्या खेपेला त्या दप्तर बघून येतील. मंत्र्यांनी घरच्या प्रश्नाला उत्तर द्यायचं टाळलं, तर तो टाळाटाळीचा क्षण संकलनात कापू नये. शहांनीही टाळलंच होतं, आणि त्यांची ती मुलाखत आज लोक शोधून पाहतात ती त्या न दिलेल्या उत्तरासाठी.